टेबलावरचं पीठ

शिकारीचा हंगाम उघडायच्या आदल्या दुपारी स्टेनरुडांच्या जेवणाच्या टेबलावर जुनी करडी घोंगडी अंथरायची आणि घरातल्या सगळ्या बंदुका तिच्यावर ओळीने निजवायच्या, हा रिवाज हाल्वरच्या आजोबांपासूनचा. त्या दुपारी मात्र टेबलावर पीठ होतं. या टोकापासून त्या टोकापर्यंत. मधोमध उकडून कुस्करलेल्या बटाट्यांचा डोंगर, आणि डोंगरामागे बाह्या सरसावून उभी असलेली मार्ला.

"हे काय?" हाल्वरने दारातूनच विचारलं. त्याच्या काखेत घोंगडी होती आणि हातात तेलाची बाटली.

"लेफ्से करतेय, डॅड."

"आज?"

"आज."

"बटाट्याच्या पोळ्या ख्रिसमसला करतात."

"यंदा आधी करतेय. बटाटे खराब व्हायला लागले होते."

तळघरातले बटाटे चांगले टणक होते आणि ते हाल्वरला ठाऊक होतं, कारण ते त्यानेच उपसले होते. पण सून खोटं बोलतेय असं तोंडावर म्हणायची त्याची रीत नव्हती. पटलं नाही की ऐकूच आलं नाही असं दाखवायचं, ही त्याची रीत. कॅरिनने, म्हणजे त्याच्या मुलीने, गेल्या वर्षी बिलिंग्जहून त्याच्यासाठी कानात घालायचं यंत्र आणलं होतं. ते सदऱ्याच्या वरच्या खिशात तंबाखूच्या डबीशेजारी सुखाने राहत होतं. "मला जे ऐकायचं ते ऐकू येतं," हे त्याचं ठरलेलं उत्तर.

"किती वेळ लागेल?" त्याने विचारलं.

"लागेल थोडा."

"बंदुका कुठे पुसायच्या मग? माझ्या डोक्यावर?"

"तुम्ही पोर्चमध्ये बसा, डॅड. कॉफी आणून देते."

तो घोंगडी घेऊन तसाच पोर्चमध्ये जाऊन बसला, तोंड वाकडं करून. मार्लाने खिडकीतून रस्त्याकडे पाहिलं. धुळीचा मागमूस नव्हता. तिचा नवरा लाइल आणि वांडा प्रूइट यायला अजून वेळ होता, आणि तोवर हे टेबल अडवून धरायचं, एवढंच काम तिच्याकडे होतं. आजवर या घरात तिने पुष्कळ कामं केली, वासरं ओढून बाहेर काढली, बर्फातून ट्रॅक्टर काढला, गेल्या आठवड्यात गोठ्याखाली शिरलेला घाण वास सोडणारा स्कंकही तिनेच टिपला. पण यातलं एकही काम इतकं जड गेलं नव्हतं.

एप्रिलमध्ये बर्फावरून घोडा घसरला आणि लाइलच्या अंगावर पडला. हाडं जुळली. उजव्या हाताची बोटं मात्र पूर्वीसारखी झाली नाहीत आणि झोप तर गेलीच. चोपन्न वर्षांचा माणूस खुर्चीत बसून बायकोला आणि म्हाताऱ्या बापाला गवताचे भारे उचलताना बघत राहिला. सप्टेंबरात एकदा गावाहून परत येताना पिकअपमध्ये तो सहज म्हणाला, "मी नसतो तर तुमचं सोपं झालं असतं." मार्लाने गाडी रस्त्याच्या कडेला घेतली आणि त्याला सरळ विचारलं. असं विचारू नये, माणसाच्या डोक्यात नसलेलं घुसतं, असं त्यांच्या खोऱ्यात सगळे म्हणतात. तिने तरी विचारलं, "लाइल, तू जीव द्यायचा विचार करतोयस का?" तो समोरच्या काचेतून बघत म्हणाला, "रात्री ते काचेचं कपाट दिसत राहतं मला. बंद डोळ्यांनीसुद्धा."

दुसऱ्या दिवशी ती त्याला वांडाकडे, समुपदेशन करणाऱ्या बाईकडे, घेऊन गेली. तेव्हापासून तो दर आठवड्याला तिच्याकडे जात होता आणि परत येताना कधीकधी रेडिओ लावत होता. म्हणजे बरंच होतं. पण बंदुकांचं कपाट होतं तिथेच होतं, जेवणघरात, टेबलाच्या समोर, कारण ते हाल्वरचं होतं, आणि हाल्वरला अजून कुणी काही सांगितलं नव्हतं.

डेलची गाडी आधी आली. डेल म्हणजे कॅरिनचा नवरा, जाडा, हसरा, बिलिंग्जमध्ये ट्रकची टायरं विकणारा. तो सासऱ्याजवळ पोर्चमध्येच थांबला. कॅरिन आत आली, कोट काढायच्या आधी टेबलाजवळ गेली आणि लाटलेल्या पोळीची कड दोन बोटांनी उचलून उजेडात धरली.

"मार्ला, हे लेफ्से आहे की घोड्याचं खोगीर?"

सत्तावीस वर्षं हेच चाललं होतं. कॅरिनच्या आईने आपलं खाचांचं लाटणं जाताना सुनेला दिलं, लेकीला नाही, आणि तेव्हापासून मार्लाचं लेफ्से कॅरिनला जाडच लागायचं. एरवी मार्लाने नाक मुरडून तिला बिलिंग्जच्या बेकरीची आठवण करून दिली असती. आज तिने लाटणं खाली ठेवलं.

"कॅरिन, दार लावून घे."

"का? काय झालं?"

"लाव आधी. लाइलनेच सांगितलंय, तू आलीस की तुला सांग म्हणून."

तिने सांगितलं, पिकअपमधलं सगळं, आणि कपाटाचंही. मग आज काय ठरलंय तेही: लाइल वांडाला घेऊन येतोय, तो स्वतः डॅडशी बोलणार आहे, बंदुका काही महिने घरातून बाहेर जाव्यात असं त्याचंच म्हणणं आहे. "त्याने पाय आत टाकला आणि समोर घोंगडीवर सगळ्या मांडलेल्या असल्या तर? म्हणून हे पीठ," ती म्हणाली.

कॅरिन उभीच राहिली. तिला लाइल आठवला, शाळेच्या बसमध्ये तिच्या बाजूची खिडकी स्वतःच्या बाहीने पुसून देणारा. पुसून झालं की म्हणायचा, बघ आता. आपल्याला इतके आठवडे कुणी काही का सांगितलं नाही याचा राग तिला आला, आणि मग आपण फोनवर दर वेळी फक्त 'कंबर कशी आहे' एवढंच विचारलं याची लाजही वाटली. तिने कोट खुर्चीवर टाकला आणि बाह्या वर केल्या.

"तळघरात अजून बटाटे आहेत?" तिने विचारलं.

"आहेत."

"आण. एवढ्याने टेबल भरत नाही. ती कोपऱ्याची जागा बघ, डॅड तिथेसुद्धा एक बंदूक मावेल म्हणेल."

मार्लाला हसू आलं आणि रडूही आलं. दोघी पीठ पसरू लागल्या.

पोर्चमध्ये हाल्वर जावयाला तीच गोष्ट ऐकवत होता जी तो दर वर्षी ऐकवायचा. लग्नानंतरच्या पहिल्याच हंगामात डेलने उसनी घेतलेली रायफल पावसात ट्रकच्या मागच्या उघड्या भागात ठेवली होती.

"गंज चढला होता. गंज!"

"हो, डॅड."

"माझ्या बापाची रायफल."

"पुसून दिली होती ना मी तुम्हाला."

"पुसून! दोन हिवाळे घासत होतो मी."

डेल कॉफीचा घोट घेऊन हसला. चिडणं त्याला जमायचंच नाही. आत कपाटात नळ्या वर करून उभ्या असलेल्या त्या बंदुकांवर सासऱ्याचा किती जीव आहे ते त्याला ठाऊक होतं. एक बापाची, एक भावाची, एक लाइलला बाराव्या वर्षी दिलेली. हाल्वरच्या घरात फोटो फार नव्हते. जी माणसं गेली त्यांच्या बंदुका होत्या.

तेवढ्यात रस्त्यावर धूळ उठली. पुढे मार्लाचं पिकअप, लाइल चालवत असलेलं, आणि मागे वांडाची छोटी हिरवी गाडी.

"ती कोण?" हाल्वरने डोळे बारीक केले.

"प्रूइटची वांडा दिसतेय."

"व्हर्न प्रूइटची पोर? माझ्या दारात? तिच्या बापाचा वळू तीनदा माझ्या गाईंत घुसला होता."

"वासरं चांगली झाली होती म्हणे," डेल म्हणाला.

"तो मुद्दा नाही."

वांडा साठीची, आखूड पांढऱ्या केसांची, पायात शिकारीचे बूट घातलेली बाई. पायऱ्या चढतानाच तिने हात पुढे केला. "मिस्टर स्टेनरुड, कसे आहात?"

"बरा आहे. वळू सुटला की काय पुन्हा?"

"वळू कधीच गेला. आणि बाबाही."

"हं. ऐकलं होतं." हाल्वरने तिचा हात हातात घेतला आणि लगेच सोडला नाही. "भांडायला चांगला माणूस होता."

सगळे आत गेले. टेबलाभोवती उभं राहायलाच जागा होती, बसायला नव्हती, कारण खुर्च्यांवर ओल्या फडक्याखाली लेफ्से झाकलेल्या होत्या. लाइल काठी टेकत कपाटाकडे पाठ करून उभा राहिला. तो उंच होता, बापापेक्षाही, पण या उन्हाळ्यात कसा कोण जाणे आखडून गेला होता. त्याने पीठ पाहिलं, बायकोकडे पाहिलं, बहिणीच्या पिठाळ कोपरांकडे पाहिलं, आणि त्याला सगळं कळलं.

"डॅड," तो म्हणाला, "मला तुझ्याशी बोलायचंय. वांडाला मीच ये म्हटलं. एकट्याने जमलं नसतं."

मग तो बोलला. फार नाही. बंदुकांचं नाव घेताना थांबला आणि पुन्हा सुरू झाला. या घरात त्याने एवढं सलग बोललेलं कुणी ऐकलं नव्हतं. "मला मरायचं नाहीये," शेवटी तो म्हणाला. "पण काही वेळा असं येतं की त्या वेळी मी मी नसतो. तेव्हा त्या इथे नसाव्यात."

हाल्वरने ऐकलं. या वेळी ऐकू आलं नाही असं दाखवायला जागा नव्हती. त्याच्या छातीत काहीतरी खाली बसलं, आणि ते वर येताना रागाच्याच रूपाने आलं, कारण दुसरं रूप त्याला येत नव्हतं.

"म्हणून ही आलीय होय?" तो वांडाकडे वळला. "बंदुका न्यायला? सरकारचा कागद आहे का?"

"माझ्याकडे काही नाही," वांडा म्हणाली. "मी एक बंदूक नेणार नाही, मिस्टर स्टेनरुड. उद्या पहाटे मी स्वतः एल्क हरणांच्या मागे डोंगरात असणार आहे. त्या कुठे ठेवायच्या, कुणाकडे, किती दिवस, ते तुम्ही आणि लाइल ठरवा. लाइलला बरं वाटलं की परत आणा. मी फक्त त्याच्याबरोबर उभी राहायला आलेय."

"कपाटाला कुलूप लावतो. चावी माझ्याजवळ."

"डॅड, काच आहे ती," कॅरिन म्हणाली.

"मग हे मला सांग, वांडा. ज्याला करायचंच आहे तो कसंही करतो. मग काय उपयोग?"

"सगळे असंच म्हणतात. माझा बाबाही म्हणायचा. पण तसं नसतं हो. ती वेळ येते आणि जाते. बऱ्याचदा तुमची कॉफी गार व्हायच्या आत जाते. तेवढ्यात हाताशी काय होतं, यावर सगळं असतं. आणि ती वेळ टळली की बहुतेक माणसं पुढे जगतात. म्हातारी होतात, जावयांना छळतात."

डेल खाकरला. हाल्वरला हसायचं नव्हतं, आणि तो हसला नाही.

"आणि उद्या? उद्या हंगाम उघडतोय. मी सहा वर्षांचा असल्यापासून एकही हंगाम चुकला नाही."

 लाइलने मान खाली घातली. "तू जा, डॅड," तो हळूच म्हणाला. "माझ्यासाठी थांबू नकोस." आणि हेच हाल्वरला सोसलं नाही. तो पाठ फिरवून पोर्चमध्ये निघून गेला आणि जाळीचं दार त्याच्यामागे आपटलं.

मार्ला त्याच्यामागे निघाली तेव्हा कॅरिनने तिला अडवलं. "तू नको. तुझ्याशी तो सभ्यपणे वागेल आणि काहीच ठरणार नाही. मी जाते."

हाल्वर कठड्याला टेकून उभा होता. समोर कुरणं पिवळी पडली होती आणि डोंगरावर वरच्या अंगाला नवं बर्फ होतं. कॅरिन त्याच्या चांगल्या कानाच्या बाजूला जाऊन उभी राहिली.

"मॉमने तुझ्या ट्रकच्या चाव्या काढून घेतल्या होत्या, आठवतं?"

"नाही."

"डोळ्याचं ऑपरेशन झालं तेव्हा. डॉक्टरने गाडी चालवू नको म्हटलं आणि तू म्हणालास, मला रस्ता पाठ आहे. तिने चाव्या नेऊन चर्चमध्ये पाद्र्याकडे ठेवल्या. अख्खा हिवाळा."

"मी तिच्याशी बोलत नव्हतो."

"बोलत नव्हतास, पण तिने केलेलं सगळं खात होतास. मीठ हवं असलं की मला सांगायचास, तुझ्या आईला सांग."

"ती माझ्यासमोर बसलेली असायची."

"आणि ती मला म्हणायची, तुझ्या डॅडला सांग, समोरच आहे." कॅरिनने त्याच्या बाहीवरचं पीठ झटकलं. ते तिच्याच हाताचं होतं. "वसंतात तिने चाव्या तुला परत दिल्या. दिल्या की नाही?"

"दिल्या."

"तेव्हा तू तिला काय म्हणालास?"

 त्या दिवशी हाल्वरने सिग्नेला, म्हणजे बायकोला, काही म्हटलं नव्हतं. फक्त गाडी काढून तिला गावात आइस्क्रीम खायला नेलं होतं, मार्चच्या थंडीत, आणि ती हसत हसत कुडकुडली होती.

"लाइलने माझ्याकडे आजवर काही मागितलं नाही," तो म्हणाला. "तो घोडासुद्धा मागितला नव्हता. मीच दिला."

"आज मागतोय."

"मला कळतं तेवढं."

"मग तोंड वाकडं करून का उभा आहेस?"

"कारण मला भीती वाटतेय, कॅरिन," हाल्वर म्हणाला. तो असं काही बोलेल याची तिला सवय नव्हती. तिने त्याचा हात धरला आणि दोघं काही वेळ तसेच उभे राहिले, थंडीत, कोटाशिवाय.

तो परत आत आला तेव्हा सगळे होते तिथेच होते. तो सरळ डेलसमोर जाऊन उभा राहिला.

"तुझी ती बिलिंग्जच्या घरातली लोखंडी तिजोरी. दार नीट लागतं?"

"लागतं, डॅड."

"छप्पर गळतं का?"

"तळघरात आहे ती. कोरडीठाक."

"प्रत्येकीला वेगळं पांघरूण पाहिजे. एकमेकींवर घासता कामा नयेत. गोळ्या वेगळ्या, दुसऱ्या जागी. आणि तिजोरीचा आकडा फक्त तुला आणि कॅरिनला. मला नको. मी म्हातारा आहे, बडबडतो."

"मी मुलांसारख्या सांभाळीन," डेल म्हणाला. तो हसत नव्हता. त्या गंज चढलेल्या रायफलीनंतर सासऱ्याने त्याच्या हातात काही दिलं नव्हतं, आणि आता तो सगळंच देत होता.

"लाइल कधी म्हणाला परत आण, तर?" डेलने विचारलं.

उत्तर वांडाने दिलं नाही, लाइलनेच दिलं. "मी एकट्याने म्हटलं तर नाही. मी आणि मार्ला, दोघांनी म्हटलं तर. आणि वांडाशी बोलून."

"आणि उद्या?" कॅरिनने बापाला विचारलं.

"उद्या काय? दक्षिणेकडचं कुंपण लोळलंय. एल्क काही कुठे पळून जात नाहीत." त्याने घोंगडी डेलच्या खांद्यावर टाकली. "ही पहिली घाल खाली."

बंदुका एकेक करून बाहेर गेल्या. कपाटातल्या, हाल्वरच्या खाटेखालची, पिकअपच्या सीटमागची, डेलने उद्यासाठी स्वतः आणलेली. लाइल या वेळात स्वयंपाकघरात मार्लाजवळ बसून राहिला, तसं आधीच ठरलं होतं. गोळ्यांचे खण हाल्वरने रिकामे केले. प्रत्येक बंदूक डेलच्या हातात देताना तो तिचं नाव सांगायचा, ही माझ्या भावाची, आर्नेची, ही बाबाची, आणि डेल तिला पांघरुणात गुंडाळताना मान हलवायचा, जणू नव्याने ओळख होत होती.

निघताना वांडाने विचारलं, "घरात आणखी कुठे काही?"

"स्टेनरुडाला त्याच्या बंदुका विचारतेस?" हाल्वर म्हणाला. "झाल्या सगळ्या."

"ठीक आहे." तिने लाइलकडे पाहिलं. "नंतर काही आठवलं तर सांगायचं. मला, यांना, कुणालाही. केव्हाही."

तिला मार्लाने लेफ्सेंचा गठ्ठा बांधून दिला. हाल्वर तिला गाडीपर्यंत पोचवायला गेला आणि वळूबद्दल आणखी काहीतरी बोलून आला.

टेबल पुसलं गेलं आणि सगळे जेवायला बसले. उन्हं कलली होती. बिलिंग्जला उजेड असतानाच निघायचं म्हणून डेल भराभर खात होता. लोणी, साखर, गरम लेफ्से, मांसाचे गोळे. कॅरिन तव्यावरून शेवटच्या लेफ्से उतरवत होती. पातळ लाटायच्या नादात तिची एक मधोमध फाटली आणि निम्मी तव्यावर, निम्मी जमिनीवर पडली.

"खोगीर फाटलं बघ," मार्ला म्हणाली.

आणि ती हसली. खांदे हलवून, डोळ्यांना पाणी येईपर्यंत. कॅरिनही हसत सुटली.

लाइलने एप्रिलपासून बायकोचं ते हसू ऐकलं नव्हतं. तो समोरच्या रिकाम्या कपाटाकडे बघत होता. काचेत खिडकीचा उजेड दिसत होता, बाकी काही नाही. त्याला हलकं वाटायला हवं होतं आणि वाटतही होतं, पण पूर्ण नाही. कारण एक गोष्ट त्याला ठाऊक होती आणि त्या खोलीत दुसऱ्या कुणालाच नव्हती. वांडाने विचारलं तेव्हा त्याच्या जिभेवर आली होती, आणि त्याने ती गिळली होती. का गिळली ते त्याचं त्यालाही धड सांगता आलं नसतं. एवढी एक वाट राहू दे, असं त्याच्यातलं काहीतरी म्हणालं होतं, आणि तो आवाज त्याचा स्वतःचा नव्हता. तो आवाज आता त्याला चांगला ओळखू येत होता.

डेल उठला, तोंड पुसलं, सगळ्यांना टाटा करून बाहेर गेला. ट्रक सुरू झाल्याचा आवाज आला. मार्ला अजून हसू पुसत होती. लाइलला एकदम वाटलं, हे हसू मला उद्याही ऐकायचंय. आणि परवाही.

"डॅड," तो म्हणाला. "गोठ्यातली राहिली."

हाल्वर घास चावत होता. "काय?"

"वासरांच्या गोठ्यातली. औषधांच्या कपाटावर, दोराच्या भेंडोळ्याखाली."

मार्लाचा चेहरा पांढराफटक पडला. गोठ्यातली ती छोटी रायफल गेल्या आठवड्यात तिनेच घेतली होती, स्कंकसाठी, आणि तिच्याच हाताने परत ठेवली होती. "देवा," ती म्हणाली. "मी... माझ्या लक्षातच..."

"तुझी चूक नाही," लाइल म्हणाला. "आपल्याकडे तिला बंदूक कोण म्हणतं? फावड्यासारखीच असते ती."

आणि खरंच होतं ते. तडफडणाऱ्या जनावराची सुटका करायची ती वस्तू. हाल्वरने सगळ्या बंदुकांची नावं सांगितली होती, पण तिला नावच नव्हतं.

हाल्वर उठला. खुर्ची मागे पडली. तो दारातून ओरडला, "डेल! इंजिन बंद कर!" एवढ्या जोरात की कुरणावरच्या गाईंनी माना वर केल्या. मग तो थांबला आणि मुलाकडे वळला.

"कधीपासून लक्षात होतं तुझ्या?"

"पहिल्यापासून."

हाल्वरने मान हलवली. तो रागावला नाही. "मी आणतो," तो म्हणाला. "तू बस."

"मी बसलोच आहे, डॅड."

तो गोठ्याकडे गेला. त्याला जाताना आणि येताना खिडकीतून सगळ्यांनी पाहिलं. येताना तो एरवीपेक्षा हळू चालत होता. त्याने ती डेलच्या हातात दिली, डेलने स्वतःचं जाकीट काढून तिच्याभोवती गुंडाळलं, आणि ट्रक फाटकातून बाहेर पडला. कॅरिन रात्रीला इथेच राहणार होती. कुणी न विचारताच तिने मार्लाच्या शेजारी भांडी घासायला सुरुवात केली होती.

हाल्वर आत आला आणि समोरच्या आपल्या नेहमीच्या खुर्चीवर न बसता लाइलच्या शेजारी बसला.  लाइलच्या ताटात बटर लावलेली लेफ्से तशीच होती. हाल्वरने ती घडी घातली आणि मुलाच्या डाव्या हातात दिली, म्हणजे चालणाऱ्या हातात.

"उद्या सकाळी कुंपणावर यायचंस," तो म्हणाला.

"डॅड, माझ्याने तारा ओढवत नाहीत."

"तारा ओढायला कोण सांगतंय? तारा मी आणि कॅरिन ओढू. तू खिळ्यांचा डबा धर. आणि बोलत राहा."

"काय बोलू?"

"काहीही. हवामान. वळू. त्या रात्रींचं सांगायचं असलं तर तेही सांग. मी पुढे तार ओढत असेन, मला मागे वळून बघता येत नाही. तू मागे आहेस हे मला ऐकू आलं पाहिजे."

लाइल कसनुसा हसला. "तुला? ऐकू?"

हाल्वरने सदऱ्याच्या खिशात हात घातला. तंबाखूची डबी बाजूला सारली, यंत्र बाहेर काढलं, त्याला चिकटलेली तंबाखू फुंकून उडवली आणि जाड बोटांनी, दोनतीन वेळा चुकत, ते कानात बसवलं.

"आता बोल," तो म्हणाला.